बेंदराला गाडी जुंपत नाहीत

माझ्या भावाला तडीपार केल्याची बातमी पेपरात आली त्या आठवड्यात, दुकानात ब्लाउज टाकायला आलेल्या एका बाईनं कापड पुढं सरकवत हळूच विचारलं, "व्हय हो, भाऊ काय करत हुता? मटका?"

माझ्या तोंडात टाचण्या होत्या म्हणून ती बाई वाचली. मला राग पटकन येतो, आणि आला की जीभ हाताच्या आधी चालते. टाचण्या काढून उशीला टोचल्या आणि म्हणाले, "न्हाय, भात करत हुता." बाईला काही कळलं नाही. तिचा तरी काय दोष? तडीपार म्हणजे जिल्ह्यात पाऊल टाकायचं नाही, टाकलं की पोलीस उचलून आत घालणार. हा शब्द आपण सगळ्यांनी आयुष्यभर गुंडांच्याच नावामागं वाचलेला. थोडं भात, थोडे काजू, दोन बैल आणि एक म्हातारी आई असलेल्या माणसाच्या नावामागं तो लागेल असं मलाही कधी वाटलं नव्हतं.

कोल्हापुरात, राजारामपुरीत माझं शिवणाचं दुकान आहे. वर कोचिंग क्लास, शेजारी दाताचा दवाखाना. माहेर चंदगड तालुक्यात, अगदी टोकाला. गावाच्या खाली ओढा, ओढ्यावर एक अरुंद पूल आणि पुलापलीकडं कर्नाटक. आम्ही लिंगायत. घरात निम्मं मराठी, निम्मं कानडी. आईला अव्वा म्हणायचं, थोरल्या भावाला अण्णा. आमच्या लहानपणी गुरं चुकून पलीकडं जायची, त्यांना शोधायला आम्ही पोरं जायचो आणि कुणाच्या तरी घरी जेवूनच परत यायचो. त्या पुलावर काहीतरी संपतं आणि काहीतरी सुरू होतं हे आम्हाला सरकारनं शिकवलं, तेही फार उशिरा.

गावाच्या वरच्या अंगाला डोंगर आहे. सगळ्या गावाची गुरं तिथं चरतात, पाण्याचा झराही तिथलाच. तो डोंगर खाणीला दिल्याचं एक दिवस कळलं. गावाला कुणी विचारलं नव्हतं. अण्णा काही पुढारी नव्हता. चार माणसांपुढं उभा राहिला की घाम पुसत बसायचा. पण त्यानं बरीच वर्षं गावातल्या दूधसंस्थेचं काम केलं होतं आणि कुणाच्या दुधाच्या मापात कधी खोट केली नव्हती, त्यामुळं तो बोलला की लोक ऐकायचे. डोंगराच्या पायथ्याला मांडव घातला आणि गाव तिथं बसलं. मीही दुकान बंद ठेवून दोनदा जाऊन बसून आले. खरं सांगायचं तर तिथं मजा होती. बायका शेंगा फोडायच्या, म्हातारे पत्ते कुटायचे, आणि दुपारी सगळ्यांची मिळून आमटी व्हायची. वहिनी म्हणायची, लग्नानंतर पहिल्यांदाच इतके दिवस बसून खाल्लं.

मग एका सकाळी पोलिसांच्या गाड्या आल्या. जमावबंदी लागली आहे, उठा, असं कर्ण्यावरून सांगितलं. अण्णानं सगळ्यांना बसूनच राहायला सांगितलं होतं. हात वर करायचा नाही, दगडाला शिवायचं नाही. तसे ते बसून राहिले आणि बसलेल्यांनाच मारलं. पळणाऱ्याच्या पाठीवर मारतात, बसलेल्याच्या डोक्यावर बसतं. वहिनीनं डोकं झाकायला हात वर घेतला तो मनगटात मोडला. तो अजून सरळ झालेला नाही, भाकरी थापताना वाकडाच फिरतो. ज्या पोरानं मोबाईलवर हे सगळं घेतलं त्याचा मोबाईल काढून घेतला, आणि चार दिवस तालुक्यात इंटरनेट बंद. टीव्हीवर मात्र त्या दिवशीही सगळं सुरू होतं. विकासाला विरोध करणारे, कुणाच्या तरी पैशावर नाचणारे, असं आमच्या म्हाताऱ्यांबद्दल एक टाय लावलेला माणूस ओरडून सांगत होता.

अण्णाच्या हातात त्या वेळी चहाची किटली होती. गुन्ह्यात लिहिलं, दगडफेक. त्याला कुठं ठेवलंय हे आम्हाला दोन दिवस कुणी सांगितलं नाही. मी आणि माझा नवरा एका ठाण्यातून दुसऱ्या ठाण्यात फिरत होतो. प्रत्येक जण म्हणायचा, आमच्याकडं न्हाय, तिकडं बघा. जामिनावर सुटून आला तेव्हा तो डावा कान पुढं करून बोलायला लागला होता. उजव्या कानानं ऐकू येत नव्हतं. काय झालं ते त्यानं मला कधी सांगितलं नाही, वहिनीलाही नाही. एवढंच म्हणाला, "लागलं थोडं."

थोडं लागलेला माणूस असा गप होत नाही. आमच्याकडं माणसं मुळातच मोठ्यानं बोलतात. एसटीत शेजारी बसलेल्याला पलीकडच्या गल्लीत असल्यासारखं हाक मारून विचारतात, जेवलास काय. अण्णाचा आवाज तर शिवाराच्या या टोकावरून त्या टोकाला जायचा. तो आवाज खाली आला, आणि त्याच्याबरोबर गावाचाही. मी माहेरी जायला चंदगडच्या एसटीत बसले की पूर्वी कानात बोटं घालायची वेळ यायची. आता गावातली माणसं खिडकीबाहेर बघत बसायची, आणि माझ्या शेजारची जागा मोकळीच राहायची.

त्यानंतर तडीपारीची नोटीस आली. तुमच्यामुळं लोकांत दहशत आहे, साक्षीदार भीतीपोटी पुढं येत नाहीत, म्हणून त्यांची नावं सांगता येत नाहीत. असं एका साहेबानं माझ्या भावाला समोर बसवून वाचून दाखवलं. नाव नसलेल्या माणसांनी नाव घेऊन तक्रार केली, आणि माझा भाऊ दोन वर्षं जिल्ह्याबाहेर. राज्यातले शेजारचे जिल्हेही बंद. चोर सोडून संन्याशाला फाशी म्हणतात ते म्हणायलासुद्धा आता भीती वाटते, कारण संन्याशाची बाजू घेतली म्हणून आपल्यावर काय येईल सांगता येत नाही.

अण्णा पूल ओलांडून कर्नाटकात गेला. पलीकडच्या गावात अव्वाच्या भाच्याची भाताची गिरण होती, तिच्या मागच्या खोलीत राहिला. आमच्या अंगणातून त्या गिरणीचं पत्र्याचं छप्पर दिसतं. सकाळी उन्हात ते चमकायला लागलं की अव्वा उंबऱ्यावर बसून तिकडं बघायची आणि म्हणायची, "उठला आसंल." वहिनी दर आठवड्याला भाकऱ्या बांधून पूल ओलांडून जायची. अव्वा कधी गेली नाही. तिचं म्हणणं सरळ होतं. "ज्याचं घर हाय त्यानं घराकडं याचं. मी का म्हणून चोरागत जाऊ?"

तिचं काळीज थकलं होतं. मी तिला कोल्हापुरात आणून दाखवलं. डॉक्टरांनी मला बाहेर बोलावून सांगितलं की आता नवीन काही करण्यासारखं नाही, कुणाला भेटायची इच्छा असेल तर भेटवून घ्या. कुणाला भेटायची इच्छा असणार? मी तिला तिच्या हट्टाखातर गावी पोचवलं आणि परत येऊन अर्ज केला. आईच्या आजारपणासाठी तडीपार माणसाला थोड्या दिवसांची परवानगी मिळू शकते, असं वकिलानं सांगितलं होतं.

मग मी त्या कचेरीच्या पायऱ्या झिजवायला लागले. सकाळी दुकानाचं शटर अर्धं वर करून गिऱ्हाइकांना सांगायची, दुपारी या. साहेब मिटिंगला. साहेब दौऱ्यावर. साहेबांनी पोलिसांचा अहवाल मागवलाय. अहवाल आला, त्यात त्रुटी आहेत. तिथला कारकून भला माणूस होता, हे मला मुद्दाम सांगायचंय, कारण वाईट माणूस असता तर मी भांडून तरी मोकळी झाले असते. एक दिवस त्यानं मला चहा दिला, इकडं तिकडं बघितलं आणि समजावणीच्या सुरात म्हणाला, "ताई, आजारपणाचं लई अवघड आसतंय. मयत झालं की दाखला जोडा, मग कुणी आडवत न्हाय. लगेच हुतंय."

मी तो चहा प्यायले. खाली येऊन स्टँडवर लावलेल्या स्कूटीवर बसले. माझ्या आईला भेटायला तिच्या मुलाला परवानगी मिळेल, पण आधी आईनं मरायला हवं. आणि हे मला कुणी रागानं सांगितलं नव्हतं, चहा देऊन सांगितलं होतं. त्या दिवशी घरी जाऊन मी नवऱ्यावर, मुलीवर, मिक्सरवर, सगळ्यांवर ओरडले. नवरा म्हणाला, "हळू बोल, खाली ऐकू जातंय." आमच्या घरातही हळू बोलणं येऊन पोचलं होतं.

बेंदूर जवळ आला होता. आमच्या जिल्ह्यात बेंदूर दोन. एक आषाढातला, महाराष्ट्रीय. दुसरा त्याच्या महिनाभर आधी, ज्येष्ठाच्या पौर्णिमेला, कर्नाटकी. आमच्या अंगाची गावं कर्नाटकी पाळतात. त्या दिवशी बैलांना धुऊन, शिंगं रंगवून, झूल घालून पुरणपोळी चारायची. आणि काही झालं तरी त्या दिवशी बैलाच्या मानेवर जू ठेवायचं नाही. वर्षभर ओढतो, एक दिवस त्याचा. आमच्या बैलांपैकी एक भारी खोडील. शिंगाला अण्णाशिवाय कुणाला हात लावू देत नाही.

अण्णानं ठरवलं होतं, बेंदराला यायचं. अव्वाला बघायचं, शिंगं रंगवायची आणि परत जायचं. पोलीस सगळे बाहेरगावचे, त्यांच्या हिशेबात बेंदूर एकच, आषाढातला. घरावर नजर ठेवली तरी तेव्हाच ठेवतील. मला फोनवर सांगताना किती तरी दिवसांनी त्याच्या आवाजात जुनी मस्ती होती. मी नको म्हणायला हवं होतं का? मी म्हणाले, ये. मला अव्वाचा चेहरा दिसत होता.

सणाच्या थोडं आधी अव्वाचा फोन आला. वहिनीनं लावून दिला होता. अव्वा खुशीत होती. "वडगावच्या बाजारातनं एक पावणं आलतं," म्हणाली, "बैलं बघाय. लई चांगला मानूस. उपाशी हुता, जेवून गेला."

आमच्या घरात दारात आलेल्याला आधी पाणी, मग भाकरी, आणि मग नाव-गाव. उपाशी माणसाला तू कोण म्हणून विचारणं अव्वाला लाजिरवाणं वाटायचं. त्या पावण्याला तिनं आमटी-भाकरी वाढली, वरून ताक दिलं, आणि त्यानं बैलांचं कौतुक केल्यावर सांगितलं, "इकायची न्हाईत हो. माझा ल्योक येतोय की बेंदराला, शिंगं त्योच रंगवतोय." पावण्यानं विचारलं, आषाढात? अव्वा हसली म्हणे. "आवो, आमचा बेंदूर कर्नाटकी. ह्याच पुनवंला."

मी विचारलं, "दर काय म्हणाला?"

"दर न्हाय इचारला."

"दात बघितले बैलांचे?"

अव्वानं तिकडं वहिनीला विचारलं. मग मागून वहिनीचा आवाज आला, "न्हाय. दात न्हाय बघितलं त्यानं."

बैलाचा व्यापारी आणि बैलाचं तोंड उघडून बघत नाही? अव्वाला मी काही बोलले नाही. फोन ठेवला आणि अण्णाला लावला. सगळं सांगितलं. त्यानं सगळं परत एकदा सांगायला लावलं. मला वाटलं उजव्या कानाला लावलाय की काय. मग म्हणाला, "येत न्हाय. पन अव्वाला सांगू नगो, तिच्यामुळं झालं म्हनून."

तिला सांगायची वेळच आली नाही. बेंदराच्या सकाळी मी गावात होते. पुरण शिजत होतं, बैल धुऊन दारात बांधले होते, आणि एक जीप येऊन उभी राहिली. तिच्यातून तीन पोलीस उतरले आणि त्यांच्यामागं साध्या कपड्यातला तो. अव्वाची बाज दाराशीच होती. तिनं त्याला ओळखलं. "पावणं," ती म्हणाली, "तुमीच व्हय."

त्यानं मान खाली घातली. बरं वाटलं असेल त्याला मान खाली घालून. ते अंगणात बसले, एक जण पुलाच्या रस्त्यावर जाऊन उभा राहिला. मी त्यांना चार गोष्टी सुनावणार होते, तोंड उघडलंही होतं. अव्वा म्हणाली, "वाड त्यास्नी. सणाचं दारात आल्यात." वहिनीनं वाकड्या हातानं पोळ्या वाढल्या. तोही जेवला. दुसरी पोळी घेतली.

शिंगं मीच रंगवायला गेले. त्या खोडील बैलानं मला भिंतीशी रेटलं. मग वहिनीनं अण्णाला फोन लावला आणि मोबाईल बैलाच्या कानाशी धरला. तिकडून अण्णा त्याला नेहमीसारखं पुटपुटत बोलत राहिला. बैलानं कान टवकारले आणि तो उभा राहिला, इकडं तिकडं बघत, माणूस कुठाय म्हणून. मी कसाबसा हिंगूळ फासला. अव्वा बाजेवरून हे सगळं बघत होती. पोलीसही बघत होते, एक जण हसला.

दुपारी अव्वानं मला जवळ बोलावलं. तोंड सुकलेलं, पण डोळे एकदम जागे. "त्याला येता येत न्हाय," म्हणाली. "मला जाता येतंय की. माझ्यावर काय तडीपारी न्हाय."

इतके महिने ती जाणार नाही म्हणून अडून बसलेली, आणि आता स्वतःच म्हणत होती. मला रडू आलं आणि हसूही आलं. मी त्या पावण्याला विचारलं, म्हातारीला पलीकडं नेलं तर काय हरकत आहे का. तो म्हणाला, "न्ह्या की. म्हातारीवर काय केस न्हाय." मी धावत गावात गेले. एकाकडं टेम्पो होता, तो म्हणाला ब्रेक लागत नाही. दुसऱ्याच्या दारात जीप दिसत होती आणि त्याची बायको म्हणाली गाडी गावाला गेलीय. मी जीपकडं बघितलं, तिनंही बघितलं. तिसऱ्यानं दारच उघडलं नाही. रुग्णवाहिकेला फोन केला तर ती दवाखान्यात नेणार, मुलाकडं नाही. ह्याच माणसांच्या डोंगरासाठी माझ्या भावाचा कान गेला होता. मी रस्त्यावर उभी राहून एकेकाला शिव्या घातल्या. कुणी उलट बोललं नाही. उलट बोलले असते तर बरं वाटलं असतं.

परत येऊन वहिनीला म्हणाले, गाडी जुंपू. पूल काही लांब नाही. पेंढा घालू, वर वाकळ टाकू आणि हळूहळू नेऊ. वहिनीनं अव्वाकडं बघितलं.

"आज न्हाय," अव्वा म्हणाली. "आज त्येंच्या मानंवर जू न्हाय."

"अव्वा, एवढ्या वेळेला."

"वरीसभर वडत्यात. आज त्येंचा दिवस हाय. सकाळच्याला जाऊ."

मी तिच्याशी भांडले. मरणाच्या दारात असलेल्या आईशी मी भांडले, आणि त्याची मला लाज वाटत नाही, कारण मी बरोबर होते. मी म्हणाले, बैलाला काही वाटत नाही, देवाला वाटत असेल तर माझ्या नावावर घाल. ती नुसती मान हलवत राहिली. उन्हापावसात ओढणाऱ्या जिवाला वर्षातून एक दिवस मोकळा द्यायचा, हा तिचा कायदा होता, आणि तिनं तो आयुष्यात मोडला नव्हता. सरकारला माझ्या भावासाठी असा एक दिवस काढता आला नाही. अंगणात पोळी खाऊन बसलेल्या त्या माणसांना हे ऐकू जावं म्हणून मी मोठ्यानं बोलले, माझ्या गावच्या जुन्या आवाजात. त्यातल्या एकानं मोबाईल काढून गाणं लावलं.

संध्याकाळी ते निघून गेले. अण्णाला फोनवर सांगितलं, सकाळी पुलावर थांब. अव्वानं स्वतः फोन घेतला. "येतो रे मी," म्हणाली, "गाडीत बसवून न्ह्या म्हनतोय तुज्या बैलास्नी." तिनं अर्धी पोळीही खाल्ली. वहिनीनं तिचे केस विंचरून अंबाडा घातला, पेटीतलं ठेवणीतलं लुगडं काढून ठेवलं.

सकाळी वहिनीनं बैल जुंपले. शिंगांवर माझा ओबडधोबड हिंगूळ तसाच होता. पेंढा पसरला, वाकळ घातली. मी अव्वाला उठवायला आत गेले. ती कुशीवर, गिरणीच्या बाजूला तोंड करून निजली होती. हात लावला तेव्हा कळलं. मी ओरडले की नाही ते मला आठवत नाही. बाहेर बैल जुंपलेलेच उभे होते, आणि वहिनी हाक मारत होती, "आटपा की, ऊन व्हतंय."

मग गाव आलं. टेम्पोवाला, जीपवाला, दार न उघडणारा, सगळे आले. मयताला येणं अजून गुन्हा नाही. खांदा द्यायला इतकी माणसं होती की काल त्यातल्या चौघांनी तिला उचलून पुलापर्यंत नेलं असतं तरी चाललं असतं. मी कारकुनाला फोन लावला. त्याला खरंच वाईट वाटलं. म्हणाला, दाखला पाठवा. ग्रामसेवक रजेवर होता. पर्यायी माणूस दुसऱ्या गावात, आणि साहेब त्या दिवशी मंत्र्यांच्या बंदोबस्तात. आमच्यात मयताला जास्त वेळ ठेवत नाहीत. आम्ही जाळत नाही, पुरतो, बसवून, विभूती लावून. अव्वाची जागा आप्पांच्या, म्हणजे आमच्या वडिलांच्या शेजारी आमच्या शेतात आधीच ठरलेली होती. ते शेत ओढ्याच्या अलीकडं आहे.

अण्णा पुलावर होता. पहाटेपासून होता, आई येणार म्हणून. मी धावत गेले. जीप पुन्हा आली होती, आणि पुलाच्या अलीकडच्या तोंडाशी तो पावणा दोन पोलिसांबरोबर उभा होता. अण्णा पुलाच्या पलीकडच्या टोकाला, नवा सदरा घालून. हातात पिशवी, त्यात केळी. मी जाऊन त्याला धरलं. तो रडला नाही. डावा कान माझ्याकडं करून म्हणाला, "काय म्हनाली व्हती?" मी सांगितलं, येतो म्हणाली होती. त्यानं विचारलं, "मी जाऊ? एकदा जाऊ? मग घालूदेत आत." मी नको म्हणाले. त्याला पुन्हा तिथं नेलं असतं तर यावेळी डावा कानही राहिला नसता. मी त्याला नको म्हणाले आणि माझ्या आईच्या मातीपासून त्याला मीच अडवलं. हे त्यांनी माझ्या हातून करून घेतलं.

आमच्यात पुरताना येईल तो प्रत्येक जण मूठभर माती टाकतो. पहिली मूठ मुलाची. अण्णा वाकला, ओढ्याच्या काठची माती घेतली आणि माझ्या तळहातावर ठेवली. माझी बोटं त्यानं स्वतः मिटली. म्हणाला, "पैली टाक."

मी मूठ मिटून पुलावरून परत आले. अलीकडच्या टोकाला तो पावणा आडवा आला. "काय दिलं त्यानं?" मी मूठ छातीशी धरली. "ताई, मूठ उघडा." मी त्याच्याकडं बघत राहिले. मागचा पोलीस पुढं सरकला. मी मूठ उघडली. ओली लाल माती, आणि तिच्यात अण्णाच्या बोटांचे ठसे. थोडी खाली सांडली. त्यानं बोटानं ती माती चाचपून बघितली, आत काही लपवलंय का म्हणून, आणि बाजूला झाला. "जावा," म्हणाला.

मी पुन्हा मूठ मिटली आणि धावले. जंगमानं मंत्र म्हटले, अव्वाला खाली बसवलं. पहिली मूठ मी टाकली, आणि मोठ्यानं, शिवारभर ऐकू जाईल असं, म्हणाले, ही तुझ्या लेकाची. मग वहिनी, मग सगळं गाव. रांग सरत आली तेव्हा बघितलं, शेवटी तो पावणा उभा होता. चपला बांधावर काढून आलेला. कुणी त्याला अडवलं नाही. मयतीला आलेल्याला अडवत नाहीत, त्याला तू कोण म्हणूनही विचारत नाहीत. तो वाकला, माती घेतली, आणि माझ्या आईवर टाकली. त्याची मूठ कुणी उघडून बघितली नाही.